चार बाय तीनचा सूड

सूड घ्यायचा तर भिंतीवर घ्यावा, हे मला पन्नाशी उलटल्यावर कळलं. तोंडावर घ्यायला छाती लागते, ती माझ्याकडे नाही. पाठीमागे घेतला तर समोरच्याला पत्ता लागत नाही, मग मजा काय? भिंतीवरचा सूड सोयीचा. आपण शाळेत असू, आंघोळीला बसलेले असू, तो आपलं काम करत राहतो. त्याला लागतो फक्त एक पिन बोर्ड.

हे शहाणपण मला साळ्याच्या मुलीच्या लग्नानं दिलं. माझी सासुरवाडी कळंबजवळच्या एका गावी. मी नेरला शाळेत मराठी शिकवतो. सासरी जावई दोन. थोरला मी आणि धाकटा माझा साडू. साडू यवतमाळला सरकारी हापिसात साहेब आहे. आम्ही दोघं सासरी गेलो की त्याला हातांची खुर्ची मिळते. मलाही हातांचीच मिळते, पण तिचा एक हात तुटलेला असतो. मागच्या अधिक महिन्यात दोघांनाही तेहतीस-तेहतीस अनारशांचं वाण दिलं. घरी येऊन मी मोजले, तर एकतीस. दोन कोणाच्या डब्यात गेले असतील हे सांगायला ज्योतिषी नको. बायको म्हणते, ते दोन तुम्हीच बसमध्ये खाल्ले. खाल्ले असतील. पण राग एकदा साडूवर केला की तो परत घ्यायचा कसा, हे मला कोणी शिकवलेलं नाही.

तर साळ्याची पोरगी. एकुलती एक. अकरावी-बारावीची दोन वर्षं ती आमच्याकडेच शिकायला होती, त्यामुळे माझ्या बायकोचा जीव तिच्यात अडकलेला. त्यात बायको तिची आत्या. लग्न ठरल्या दिवसापासून आमच्या घरात दुसरा विषय नव्हता. साडीला फॉल लावून झाला, बांगड्या झाल्या, आणि उखाणे वहीत लिहून झाले.

मग पत्रिका आली. सासरची रीत अशी की छापून आली की पहिली पत्रिका कळंबला चिंतामणीपुढे ठेवायची आणि दुसरी, हळदीकुंकू लावून, थोरल्या जावयाला पाठवायची. ती एका ओळखीच्या माणसाच्या हाती एसटीनं आली. सोबत दोनशे पत्रिकांचा गठ्ठाही आला, नेरमधल्या पाहुण्यांत मी वाटायचा म्हणून. मोबाइलवर पत्रिका पाठवली तर आमच्याकडे लोक येतात, पण जेवत नाहीत.

आमच्याकडे पत्रिका कोणी वरून वाचत नाही. मुहूर्त, स्थळ, नवरदेवाचं शिक्षण हे सगळं मागाहून. माणूस आधी खाली जातो आणि स्वतःचं नाव शोधतो. मीही गेलो. डाव्या कोपऱ्यात 'जावई मंडळी' असा मथळा. त्याखाली एकच नाव. साडूचं. मंडळी म्हणजे एकटा साडू.

मी चष्मा पुसला. पत्रिका उलटी केली. गठ्ठ्यातून आणखी चार काढल्या. दोनशेच्या दोनशे सारख्याच असणार हे मराठीच्या शिक्षकालाही कळतं, तरी पाहिल्या.

आणि हे अपघातानं झालेलं नव्हतं. सासरच्या प्रत्येक पत्रिकेचं प्रूफ मी तपासतो. हेही यवतमाळच्या प्रेसमध्ये स्वतः जाऊन तपासलं होतं. त्यात माझं नाव होतं. म्हणजे मी तिथून निघाल्यावर कोणीतरी ते काढायला लावलं.

"त्यानंच काढलं," मी बायकोला म्हणालो.

"कोणं?"

"तुमच्या यवतमाळच्या जवाईबापूनं. साहेबानं."

"थे कायले काढतीन बाप्पा तुमचं नाव? त्याईले काय दुसरा धंदा नाई?"

"मले माहीत आहे ना."

"काहून माहीत आहे?"

या 'काहून'चं उत्तर मी तिला दिलं नाही. मी फक्त जाहीर केलं की या घरातून त्या लग्नाला कोणी जाणार नाही. गठ्ठा दिवाणाखाली ढकलला. बायकोनं वहीतला उखाण्यांचा कागद काढला, घडी घातली आणि डब्यात ठेवला. ती बोलली असती तर बरं झालं असतं. साळ्याचा फोन आला, मी उचलला नाही. परत आला, परत नाही उचलला. आठ दिवस तो फोन करत होता आणि मी मोबाइलकडे पाहून गालात हसत होतो.

पण नुसतं रुसून जग पेटत नाही. साडूनं काय केलं ते जगाला दिसलं पाहिजे. आणि मला कल्पना सुचली की बैठकीत दाराच्या समोर पत्रिका टांगायची, माझं नाव हवं होतं त्या कोऱ्या जागेभोवती लाल वर्तुळ काढायचं, आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला काहीही न सांगता चहा पाजायचा.

पहिला बोर्ड नेरमध्येच घेतला. "सगळ्यात स्वस्त दाखवा," म्हणालो, आणि दुकानदारानं माझं ऐकलं. हिरवं कापड, लाकडी पट्टी, दिसायला फर्स्टक्लास. घरी येऊन टाचणी टोचली तर टाचणी वाकली. दुसरी वाकली. कापडाखाली निव्वळ प्लायवूड. मी हातोडी आणली.

बायको स्वयंपाकघरातून डोकावली. "पत्रिकेले खिळे ठोकून राह्यले का जी? लग्नाची पत्रिका हाये थे, घोड्याची नाल नाई."

दुसरा बोर्ड घरीच केला. फ्रिजच्या खोक्यातलं थर्माकोल, त्यावर जुन्या परकराचं कापड. टाचणी लोण्यात सुरी जावी तशी गेली. मी कौतुकानं चार पावलं मागे सरलो आणि पंखा लावला. पत्रिका उडाली, बोर्डही उडाला, आणि माझा सूड दिवाणाखाली जाऊन त्याच दोनशे पत्रिकांच्या शेजारी पडला.

तेव्हा यवतमाळला गेलो. तिथे स्टेशनरीचं एक जुनं दुकान आहे. दुकानदार म्हातारे मुसलमान गृहस्थ, सगळी शाळा-मास्तर मंडळी त्यांना चाचा म्हणतात. हजेरीपटापासून गोंदापर्यंत सगळं त्यांच्याकडे.

"पिन बोर्ड? किधर के लिए गुरुजी? शाळेत?"

"घरी."

"पोट्ट्याईच्या अभ्यासासाठी?"

"नाही. एक पत्रिका लावायची आहे."

"एकच?" चाचांनी चष्म्यावरून पाहिलं. "मंग गोंदानं चिकटवा ना भिंतीले. बोर्ड कायले पाह्यजे?"

"तशी नाही चाचा. दारातून दिसली पाहिजे. लोकांनी थांबून वाचली पाहिजे."

चाचांनी गल्ल्याचं झाकण लावलं. मग हळूच म्हणाले, "झगडा है क्या?"

मी मान हलवली.

"ससुराल का?"

"तुम्हाला काय माहीत?"

"गुरुजी, चाळीस साल से बोर्ड बेच रहा हूँ. अभ्यासवाला माणूस भाव पूछता है. झगडेवाला साइज पूछता है." आणि खरंच, मी आत आल्या आल्या विचारलं होतं की सगळ्यात मोठा केवढा.

मग त्यांनी मला रीतसर धडा दिला. कॉर्कचा बोर्ड काढला. "ये सबसे अच्छा, मगर महंगा. बीस साल चलेगा. आपका झगडा कितना चलेगा?" मी म्हटलं, सांगता येत नाही. "तो मत लो." स्वस्तातल्या कॉर्कवर नुसता पातळ पापुद्रा असतो, खाली पुठ्ठा, हेही दाखवलं. शेवटी सॉफ्टबोर्डवर बोट ठेवलं. "हे घ्या. पह्यले उलटा करून पाहा. मागून पुठ्ठा असंल तर घेऊ नका, भिंत ओली झाली की फुगते. मंग अंगठ्याचं नख दाबा. रुतलं?"

"रुतलं."

"आता काढा. भोक भरून येते का?"

आलं. नखाची खूण हळूहळू मिटली.

"बस. यही बोर्ड. पिन बैठेगी, निकालोगे तो निशान नहीं रहेगा. पत्रिका कोणत्या रंगाची?"

"लाल. नावांची जागा तेवढी पांढरी."

"तो मरून मत लो, उसमें मिल जाएगी. निळा घ्या. दुश्मन का नाम चमकना चाहिए."

चार बाय तीनचा निळा मखमली बोर्ड घेऊन मी नेरच्या बसमध्ये चढलो. बोर्ड बसायला दोन माणसांची जागा लागत होती, म्हणून तो बसला आणि मी उभा राहिलो. एका म्हाताऱ्यानं विचारलं, "कायचा बोर्ड हाये मास्तर? ग्रामपंचायतीचा का?"

"नाही. माझ्या सासुरवाडीचा."

"अच्छा," तो म्हणाला आणि खिडकीबाहेर पाहू लागला. माणूस विवाहित असावा.

दारासमोरच्या भिंतीवर आमच्या लग्नाचा फोटो होता. तो काढून कपाटावर ठेवला. बायकोनं पाहिलं आणि फोटो उचलून आत नेला. आमच्या काळ्या मातीत बांधलेल्या घरांच्या भिंती तडकतात आणि प्लास्टर चिवड्यासारखं होतं. चार खिळ्यांसाठी मी दहा भोकं पाडली. पण बोर्ड लागला आणि भोकंही झाकली, जुनी तडही झाकली. मग ट्रंकेतून गेल्या काही वर्षांच्या, माझं नाव छापलेल्या सात पत्रिका काढल्या आणि पुराव्यासारख्या कडेनं गोल लावल्या. मधोमध नवी लाल पत्रिका. 'जावई मंडळी'खाली कोरी जागा, तिच्याभोवती माझं लाल वर्तुळ. असं वर्तुळ मी पोरांच्या वहीत चुकलेल्या उत्तराभोवती काढतो.

आणि मी चहा पाजायला सज्ज झालो.

पहिले आले शेजारचे काका. त्यांनी बोर्ड वाचला, वरून, मधून, कडेनं. मग डोळे चमकले. "बरं केलं मास्तर. गावात याची लय गरज होती."

"कशाची?"

"वधू-वर सूचक मंडळाची. सात लग्नं जमवली म्हनता आतापावेतो? अन् हे आठवं?"

दुसऱ्या दिवशी त्यांच्या घरची वहिनी भाचीचा बायोडाटा घेऊन आली. मी समजावत होतो तोवर तिनं बोर्डावरची एक टाचणी काढून तो लावूनही टाकला, अगदी माझ्या वर्तुळाच्या शेजारी. आठवड्यात चार बायोडाटे लागले. पंचवीस एकरवाला मुलगा, नर्सिंग झालेली मुलगी, पुण्याला कंपनीत असलेला एक. लोक थांबून वाचत होते, चाचांनी सांगितलं तसंच. फक्त माझी कोरी जागा कोणी वाचत नव्हतं. एक बाई तर म्हणाली, "हे लाल गोल कायचं? याचं जमलं का?"

माझ्या सुडाला मुहूर्त लागत नव्हता, आणि बायको माझ्याशी फक्त "जेवा" आणि "नळ आला" एवढंच बोलत होती.

लग्नाला पाच दिवस राहिले तेव्हा साळा आला. हळद लावायला आत्या लागते, म्हणून बहिणीला न्यायला. न कळवता. मी दिवाणावर पाय पसरून बसलो होतो. तो दारात उभा राहिला आणि समोरच्या बोर्डाकडे पाहत राहिला. सात पत्रिका, चार बायोडाटे आणि मधोमध त्याच्या पोरीची पत्रिका.

"या," मी म्हणालो. "वाचा."

त्यानं वाचलं. शर्टाच्या खिशातून एक घडी घातलेला कागद काढला, उलगडला, बोर्डावरची एक मोकळी टाचणी घेतली आणि तो कागद लाल पत्रिकेच्या अगदी बाजूला लावला. मग माझ्याकडे वळून म्हणाला, "आता तुमी वाचा भाऊजी."

ते त्या पत्रिकेचं प्रूफ होतं, साळ्यानं प्रेसमधून आणलेलं. आणि आता मी तुम्हाला ती गोष्ट सांगतो जी बायकोला सांगितली नव्हती. प्रेसमध्ये मी प्रूफ पाहिलं तेव्हा 'जावई मंडळी'खाली साडूचं नाव वर होतं आणि माझं खाली. थोरला मी आणि खाली मी. डोक्यात अनारसे आले, खुर्ची आली. मी लाल पेन काढलं आणि समासात लिहिलं, 'जावई मंडळी: पहिली ओळ काढणे.' म्हणजे साडूला. खाली सही केली, कारण मास्तराला सहीशिवाय चैन पडत नाही. म्हणून तर मला खात्री होती की साडूनं माझं नाव काढलं. मी जे केलं तेच तो करणार, दुसरं काय?

बायको आतून आली, पदराला हात पुसत. तिनंही वाचलं. माझं अक्षर तिला ओळखायला वेळ लागला नाही.

"मंग याईचंच नाव कसं काय निघालं?" तिनं भावाला विचारलं. मी तिथे नसल्यासारखं.

"हे प्रेसमधून निघाले, अन् मांगून प्रेसमध्ये फोन गेला, का थोरल्या जवायाचं नाव वर घ्या, मोठे हायेत. प्रेसवाल्यानं वर घेतलं. मंग भाऊजीचा कागद पाह्यला. पहिली ओळ काढणे. काढली." साळ्यानं लाल वर्तुळावर बोट ठेवलं. "त्या बिचाऱ्याची काई चूक नाई. त्यानं दोघाईचंबी ऐकलं."

मी चष्मा काढला आणि परत घातला.

मी म्हणालो, "तूच केलता का फोन?"

"थे मंग सांगतो," साळा म्हणाला.

बायको आत गेली आणि भरलेली बॅग घेऊन बाहेर आली. ती बॅग कधी भरली होती कोणास ठाऊक. उखाण्यांचा कागद डब्यातून काढून पर्समध्ये टाकला. दाराशी थांबून तिनं दिवाणाखाली बोट दाखवलं.

"थो गठ्ठा वाटून या. दोनशेच्या दोनशे. एक घर जरी सुटलं तर मांडवात पाय नका ठेवजा. अन् थो कागद बोर्डावरून निघाला न, तर मी परत येनार नाई."

मे महिन्याचं ऊन, स्कूटर आणि दोनशे घरं. सूड कसा घ्यावा हे माझ्या बायकोकडून शिकावं. प्रत्येक घरी माणूस पत्रिका हातात घेई, वरून नाही, खालून वाचायला लागे आणि म्हणे, "गुरुजी, तुमचं नाव नाई दिसून राह्यलं?" दोनशे वेळा मी म्हणालो, "जागा कमी पडली." एका आजोबांनी पत्रिका नाकाशी नेऊन सांगितलं, "जागा तं हाये. लय हाये."

लग्नात पोचलो. हळद लागून गेली होती, आत्या पिवळी होऊन फिरत होती आणि माझ्याकडे पाहत नव्हती. साळ्यानं मला गाठलं आणि हातात वरणाची बादली दिली. आमच्याकडे जावई वाढत नाही. जावई बसतो आणि त्याला वाढतात. मी तोंड उघडलं, साळ्यानं शर्टाच्या खिशावर हात ठेवला. खिशात काहीच नव्हतं, कागद माझ्याच बोर्डावर होता हे मलाही माहीत होतं. तरी मी बादली घेतली.

पहिल्याच पंगतीत साडू बसला होता. मी त्याच्या पानाशी आलो. पळीभर वरण त्याच्या भातावर न टाकता पांढऱ्या पँटवर टाकावं, असा एक साधा विचार मनात होता. तो अर्धा उठून उभा राहिला.

"साडभाऊ, तुमी काहून वाढून राह्यले? बसा ना माझ्या बाजूले."

"राहू द्या. घ्या."

"मले लय वाईट वाटलं," तो हळू आवाजात म्हणाला. "पत्रिकेत तुमचं नाव राह्यलं. मी स्वतः प्रेसमध्ये फोन केलता, का थोरल्याचं नाव वर घ्या, आमचं खाली. अन् त्या बैलानं काढूनच टाकलं पाहा. साळ्यासंग भांडलो मी. त्यानं काई सांगितलं नाई, नुसता हासला."

मी मांडवाच्या पलीकडे पाहिलं. साळा खांबाला टेकून उभा होता आणि नुसता हसत होता.

मी साडूच्या पानात वरण वाढलं. मग तूप आणून वाढलं. मग परत वरण. त्याची पँट पांढरीच राहिली. इतकी वर्षं जपलेला राग हातात बादलीसारखा जड झाला होता आणि ठेवायला कुठे जागा नव्हती. सूड ज्याचा घ्यायचा त्यानंच तो असा अशक्य करून टाकावा, याहून मोठा सूड मला तरी माहीत नाही. आणि तो त्याला ठाऊकही नाही! याची चीड मला अजून येते.

बायको माझ्यासोबत नेरला परत आली. आल्या आल्या बोर्ड उतरवायला गेलो तर ती म्हणाली, "मांगची दहा भोकं कोन बुजवनार? राहू द्या." आता तिथे गॅसचं कार्ड असतं, नळाच्या पाण्याच्या वेळा असतात, आणि बायोडाटे. पुण्याच्या मुलाचं नर्सिंगवालीशी खरंच जमलं. काका ते माझं नववं म्हणून गावभर सांगतात. आमच्या लग्नाचा फोटो बायकोनं आतल्या खोलीत लावला, तो बाहेर आलेला नाही.

उजव्या कोपऱ्यात माझ्या सहीचा तो प्रूफाचा कागद आहे, बायकोनं घडी घालून लावलेला, कोरी बाजू वर करून. पाहुण्यांना तो कागद दिसतो, आत काय आहे ते दिसत नाही. जेवताना माझ्या तोंडून साडूचं, खुर्चीचं किंवा अनारशांचं नाव निघालं की बायको उठते, बोर्डाशी जाते आणि त्या कागदाची टाचणी जरा सरळ करते. मी पुढचा घास घेतो.

चाचा खोटं बोलले नव्हते. बोर्ड उत्तम निघाला. टाचणी काढली की भोक भरून येतं, मी बाकीच्या सगळ्या टाचण्या काढून पाहिल्या आहेत. त्या एका टाचणीला मात्र अजून हात लावलेला नाही.